उमारू गांदा : पडद्यावर स्वतःच्या आवाजात बोललेला गोदी कामगार

आफ्रिकन सिनेमाचा विषय निघाला की आपल्याकडच्या फिल्म सोसायटीवाल्यांच्या तोंडी पहिलं नाव येतं ते सेनेगलच्या उस्मान सेम्बेनचं, आणि ते योग्यच आहे. पण दिग्दर्शकांच्या नावांनी इतिहास सांगायची सवय लागली की एक मोठी गोष्ट सुटते, ती म्हणजे कॅमेऱ्यासमोर कोण उभं होतं. वसाहती संपत आल्या होत्या, नवे देश जन्माला येत होते, फिल्म स्कूल नाही, स्टुडिओ नाही, नट तयार करणारी कुठलीच व्यवस्था नाही, आणि तरी माणसं पडद्यावर आली, त्यांनी कामं केली. ही माणसं कोण होती आणि त्यांनी नक्की काय केलं, हे समजून घ्यायला माझ्या मते सगळ्यात चांगलं उदाहरण आहे नायजरच्या उमारू गांदाचं. (नायजर आणि नायजेरिया हे वेगवेगळे देश आहेत बरं का. नायजर हा नायजेरियाच्या वर, सहाराच्या कडेला, एके काळी फ्रेंचांच्या ताब्यात असलेला देश, राजधानी नियामे.)

गांदाचा जन्म १९३५ सालचा, नियामेचा. सोळाव्या वर्षी फ्रेंच सैन्यात, मग इंडोचायनाच्या लढाईत, मग आबिजानच्या बंदरात गोण्या उचलणारा हमाल, मग एका फ्रेंच माणसाच्या सिनेमात हिरो, आणि शेवटी स्वतःच दिग्दर्शक. १ जानेवारी १९८१ ला तो गेला तेव्हा फक्त पंचेचाळीस वर्षांचा होता.

आता त्याने केलं काय हे समजायचं तर आधी परिस्थिती कशी होती ते बघायला लागेल. १९३४ मध्ये फ्रान्सचे वसाहत मंत्री होते पिएर लावाल, त्यांच्या नावाने एक हुकूम निघाला. फ्रेंच आफ्रिकेत कुठेही सिनेमा शूट करायचा असेल, ध्वनिमुद्रण करायचं असेल, तर आधी सरकारची परवानगी, आणि कथा काय, माणसं कोण हे सगळं सरकार बघणार. म्हणायला हा नियम सगळ्यांसाठी होता, पण त्याचा फटका कोणाला बसणार होता ते उघड आहे. ज्यांच्या जमिनीवर शूटिंग चालायचं त्यांनाच कॅमेरा हातात घ्यायची जवळजवळ मुभा राहिली नाही. पॉलिन व्हिएरा नावाचा फिल्म स्कूलमधून शिकून बाहेर पडलेला पश्चिम आफ्रिकन तरुण आणि त्याचे मित्र, यांना १९५५ मध्ये आफ्रिकेत शूटिंग करता आलं नाही म्हणून त्यांनी पॅरिसमध्ये राहणाऱ्या आफ्रिकन तरुणांवर शॉर्ट फिल्म केली. म्हणजे आपल्या माणसांवर सिनेमा करायचा तर आपला देश सोडून मालकाच्या राजधानीत जाऊन करायचा, अशी वेळ.

याचा अर्थ आफ्रिकन माणूस पडद्यावर दिसत नव्हता असं नाही हं. भरपूर दिसायचा. हॉलिवुडच्या जंगलपटांत भाले घेऊन पळताना दिसायचा, फ्रेंच माहितीपटांत शेतात राबताना, नाचताना, देवाला बळी देताना दिसायचा. फक्त बोलायचा नाही. तो काय करतोय, का करतोय, त्याच्या मनात काय चाललंय हे सगळं सांगायचा कोणीतरी युरोपियन निवेदक, तेही अशा ठाम सुरात की जणू समोरच्या माणसाला स्वतःचं काही म्हणणंच नसावं. मुद्दा इथे आहे. पडद्यावर तुम्ही दिसता की नाही यापेक्षा तुमच्याबद्दल बोलतंय कोण, ही खरी सत्ता होती. गांदाचं काम नेमकं याच जागी घाव घालतं.

गांदा १९५१ मध्ये फ्रेंच सैन्यात भरती झाला. फ्रान्स तेव्हा इंडोचायनात, म्हणजे आजच्या व्हिएतनामच्या भागात, आपली वसाहत टिकवायला लढत होता आणि त्यासाठी आफ्रिकेतल्या वसाहतींमधून हजारो तरुण तिकडे पाठवले गेले. एका वसाहतीतला पोरगा दुसऱ्या वसाहतीतल्या पोरांवर गोळ्या झाडायला. १९५४ ला दिएन बिएन फूला फ्रेंच हरले, १९५५ मध्ये गांदा सैन्यातून सुटला. घरी आला तर हाताला काम नाही, आणि मग नायजरमधले असंख्य तरुण जे करायचे तेच त्याने केलं, दक्षिणेला समुद्राकडे निघाला, आयव्हरी कोस्टच्या आबिजानला. तिथे त्रेशव्हिल नावाची कामगार वस्ती होती, बाहेरून आलेली पोरं तिथे राहायची आणि बंदरात, बाजारात, मिळेल तिथे रोजंदारीवर कामं करायची. काम मिळालं तर जेवण, नाहीतर उपाशी.

तिथे त्याची गाठ पडली जाँ रूशशी. रूश मूळचा इंजिनिअर, १९४१ मध्ये रस्ते-पूल बांधायच्या नोकरीवर नायजरला आला आणि तिथल्या लोकांच्या इतका प्रेमात पडला की मानववंशशास्त्रज्ञ झाला, आयुष्यभर नायजरमध्ये जात-येत राहिला आणि २००४ मध्ये नायजरमध्येच एका अपघातात गेला. पन्नाशीच्या दशकात तो आबिजानमध्ये नायजरहून आलेल्या स्थलांतरितांची पाहणी करत होता आणि गांदा त्या पाहणीच्या कामात त्याच्याबरोबर होता. रूशच्या डोक्यात आलं की तक्ते आणि आकडे मांडून या पोरांचं आयुष्य कळणार नाही, तर त्यांनाच त्यांच्या आयुष्याचा सिनेमा करायला सांगू. १९५७ मध्ये शूटिंग झालं, १९५८ मध्ये सिनेमा पूर्ण झाला, नाव ‘म्वा, अँ न्वार’, म्हणजे ‘मी, एक काळा’. त्याच वर्षी त्याला फ्रान्समधला मानाचा लुई देल्यूक पुरस्कार मिळाला.

सिनेमात प्रत्येकाने आपापलं टोपणनाव घेतलंय, आणि ती नावं सिनेमांतून उचललेली. गांदा झाला एडवर्ड जी. रॉबिन्सन, हॉलिवुडच्या गँगस्टर पिक्चरमधला तो दादा नट. त्याचा मित्र प्ती तुरे, जो कापड विकत फिरायचा, तो झाला एडी कॉन्स्टंटाइन, फ्रेंच गुप्तहेरपटांतला नट. एक टॅक्सीवाला टारझन. आणि रॉबिन्सनला जी मुलगी आवडते ती डोरोथी लामूर, म्हणजे हॉलिवुडची नटी. ही नावं ऐकून हसू येतं, पण जरा थांबून बघितलं तर कळतं की दिवसभर गोण्या वाहणाऱ्या माणसाने संध्याकाळी स्वतःला असं नाव लावलं की तो आपल्याला एक जागा देत असतो, जी जागा त्याला त्या शहरात कोणी देणार नसतं. ‘हा अमुक नंबरचा परप्रांतीय मजूर’ ही ओळख तो झुगारतो.

आता तांत्रिक भाग, कारण सगळी गंमत त्यातच आहे. रूशकडे होता स्प्रिंगवर चालणारा सोळा मिलिमीटरचा बेल अँड हॉवेल कॅमेरा. किल्ली दिली की जास्तीत जास्त पंचवीसेक सेकंद चालणार, मग परत किल्ली. आणि आवाज? तो कॅमेऱ्याबरोबर रेकॉर्ड होतच नव्हता. चित्र आणि आवाज एकत्र टिपणारी हलकी, खांद्यावर घेऊन फिरता येणारी यंत्रं साठीच्या दशकात आली. त्यामुळे शूटिंग सगळं मुकं. मग रूशने काय केलं, जोडलेली मुकी फिल्म गांदाला दाखवली आणि म्हणाला, आता तूच बोल. हातात लिहिलेले संवाद नाहीत, तालीम नाही, समोर पडद्यावर स्वतःचीच हलणारी चित्रं आणि समोर माइक. आपल्याकडे लग्नाची जुनी आवाज गेलेली कॅसेट लावल्यावर घरातला एखादा मामा जसा सगळ्यांच्या वतीने बोलायला लागतो, हा बघ आता काय म्हणतोय, इथे मी रागावलो होतो, इथे मला भूक लागली होती, साधारण तसं. फरक इतकाच की इथे तो मामा जबरदस्त कलाकार होता.

गांदा कधी पडद्यावरच्या स्वतःच्या तोंडचे संवाद बोलतो, कधी निवेदक होतो, कधी प्रेक्षकांना त्रेशव्हिल दाखवत फिरवतो, कधी मित्राची टर उडवतो, आणि बोलता बोलता एकदम त्याचा आवाज खाली येतो आणि तो स्वतःशीच पुटपुटतो की श्रीमंतांना सगळं आहे आणि आपल्याला काहीच कसं नाही. बंदरातल्या दृश्यात शरीर गोण्या उचलतंय आणि आवाज त्या शरीराबद्दल बोलतोय. एका ठिकाणी तो स्वप्नात बॉक्सिंगचा चॅम्पियन होतो, रिंगमध्ये उतरतो, आणि तिथे त्याच्या आवाजात जो फुगा भरतो आणि जाग आल्यावर जो फुटतो ते ऐकण्यासारखं आहे. शेवटाकडे डोरोथी लामूर एका इटालियन खलाशाबरोबर जाते, रॉबिन्सन त्याच्याशी भर पावसात मारामारी करतो आणि हरतो. यातलं किती खरं, किती रचलेलं हे कोणालाच धड वेगळं करता येत नाही, आणि प्ती तुरे तर शूटिंगच्या काळात मारामारीच्या प्रकरणात खरोखर तुरुंगात गेला आणि ते सिनेमात आलं.

इथे बरेच जण म्हणतात की हा काय अभिनय, तो तर स्वतःसारखाच वागला, हमाल होता आणि हमालच झाला. मला हे अजिबात पटत नाही. कॅमेऱ्यासमोर स्वतःसारखं वागणं किती अवघड असतं ते कोणालाही फोनसमोर उभं करून बघा. आणि गांदाने हे दोनदा केलं, एकदा शरीराने आणि नंतर आवाजाने, आणि त्या दोघांच्या मधल्या फटीतून तो स्वतःकडे बघतो. पडद्यावरचा रॉबिन्सन भोळा आहे, फुशारकी मारणारा आहे, आशेवर जगणारा आहे. बोलणारा रॉबिन्सन थोडा शहाणा झालाय, त्याला पुढे काय होणार ते माहिती आहे. एकाच माणसाची ही दोन रूपं एकाच वेळी चालतात, ही नटाची करामत आहे आणि यात दिग्दर्शकाला फार हात घालता येत नाही. फ्रेंच दिग्दर्शक गोदार हा सिनेमा बघून भारावला होता, त्याने त्याबद्दल भरभरून लिहिलं, आणि फ्रेंच न्यू वेव्हचा (म्हणजे त्या काळातल्या तरुण फ्रेंच दिग्दर्शकांच्या नव्या लाटेचा) मोकळेपणा कुठून आला याची चर्चा होते तेव्हा या सिनेमाचं नाव हमखास निघतं. त्या चर्चेत रूशचं नाव मोठ्याने घेतलं जातं. ज्याच्या बोलण्याच्या लयीवर अख्खा सिनेमा उभा आहे त्या गांदाचं नाव मात्र बरेचदा ‘मुख्य भूमिकेत’ एवढ्यावर आटपतं, आणि याचं मला खरंच वाईट वाटतं.

आवाजाचं महत्त्व कळायला अजून एक उदाहरण देतो. सेम्बेनचा १९६६ चा ‘ला न्वार द...’ हा सिनेमा, सेनेगलमधून फ्रान्सला मोलकरीण म्हणून नेलेल्या दिआनाची गोष्ट. ती भूमिका केली म्बिसिन तेरेझ दिओपने, आणि काय केली! चेहरा, मान, चालण्याची पद्धत, कपडे घालण्याचा डौल, स्वयंपाकघरात तिचा हळूहळू दगड होत जाणं, सगळं तिचं. पण सिनेमाभर दिआनाच्या मनातलं जे बोलणं ऐकू येतं, तो आवाज तिचा नाहीच. तो आहे तोतो बिसँत या हैतीच्या गायिका-अभिनेत्रीचा, आणि भाषा फ्रेंच. सिनेमा महानच आहे, त्याबद्दल दुमत नाही, वसाहत गेल्यावरही मालक-नोकर हे नातं कसं तसंच राहतं हे इतक्या कमी वेळात कोणी सांगितलं नसेल. पण बघा, दिआनाच्या गोष्टीचा गाभाच हा आहे की तिचं कोणी ऐकत नाही, आणि ती साकारणाऱ्या नटीचा आवाज सिनेमातही ऐकू येत नाही. परिस्थितीच तशी होती, पैसा तुटपुंजा, आवाजाचं काम नंतर स्टुडिओत, फ्रेंच प्रेक्षकांना कळेल अशी फ्रेंच पाहिजे. त्या काळातल्या आफ्रिकन नटांना अर्ध्या अंगाने काम करावं लागायचं असंच म्हणायला पाहिजे. गांदाने पूर्ण अंगाने केलं.

पण तरी तो समाधानी नव्हता, आणि खरी गोष्ट इथून सुरू होते.

‘म्वा, अँ न्वार’च्या शेवटाकडे रॉबिन्सन मित्राबरोबर लगूनच्या (समुद्राला लागून असलेल्या खाऱ्या सरोवराच्या) काठाने चालतोय आणि अचानक त्याला इंडोचायना आठवतो. तो चालता चालता लढाई करून दाखवायला लागतो. जमिनीवर झोपतो, सरपटतो, ग्रेनेड फेकल्याचा अभिनय करतो, पडतो, उठतो, आणि वरून आवाज सांगतोय की आम्ही हे हे केलं, माणसं मारली, आणि मिळालं काय. कितीही वेळा बघितलं तरी अंगावर येतं ते. पण तेवढंच. काही मिनिटांत संपतं. पोरगेल्या वयात बंदूक हातात घेऊन जी वर्षं गेली ती वर्षं एका सिनेमाच्या शेपटीला लागलेली एक आठवण होऊन राहिली, आणि गांदाचं म्हणणं होतं की त्याचा अनुभव तिथे आलाच नाही, आला तो रूशला दिसला तसा. इंडोचायनाहून परतलेल्या माणसाची गोष्ट त्याला स्वतःला सांगायची होती.

यावरून रूशला व्हिलन ठरवायची घाई करू नये असं मला वाटतं. १९६५ मध्ये सेम्बेन आणि रूशची एक प्रसिद्ध चर्चा झाली, त्यात सेम्बेनने रूशला तोंडावर सांगितलं की तुम्ही लोक आमच्याकडे किडेमुंग्या बघावेत तसं बघता. पण त्याच चर्चेत त्याने ‘म्वा, अँ न्वार’ला वेगळं काढलं. त्याचं म्हणणं असं की हा सिनेमा खरं तर एखाद्या आफ्रिकन माणसाला करता आला असता, पण तेव्हा आमच्यापैकी कोणाकडे ते करायची परिस्थितीच नव्हती. इतकं न्याय्य बोलणं रागाच्या भरात सुचणं सोपं नाही. रूशने माइक दिला हे खरं, आणि कॅमेरा, कात्री, शेवटचा शब्द आपल्याकडे ठेवला हेही खरं.

१९६० हे आफ्रिकेचं वर्ष. ३ ऑगस्टला नायजर स्वतंत्र झाला, चार दिवसांनी आयव्हरी कोस्ट. गांदा नियामेला परतला होता. नियामे हे तेव्हा छोटंसं धुळीचं शहर, पण सिनेमाच्या बाबतीत मात्र नशीबवान निघालं. रूशचा तिथे राबता होता, संशोधन संस्था होती, आणि मुस्तफा आलासान नावाचा एक अवलिया होता जो १९६२ पासून सिनेमे करत होता, हाताने चित्रं काढून ॲनिमेशनसुद्धा. त्याने १९६६ मध्ये ‘ल रतूर दँ आव्हांत्युरिए’ हा सिनेमा केला, एक तरुण अमेरिकेहून मित्रांसाठी काउबॉयचे कपडे घेऊन येतो आणि गावातली पोरं पिस्तुलं लावून गँग करतात. गांदा तिथल्या फ्रान्स-नायजर सांस्कृतिक केंद्राच्या फिल्म क्लबमध्ये जायला लागला, कॅमेरा, ध्वनी, संकलन अशी कामं शिकला, आणि क्लबने पटकथा लिहायची स्पर्धा ठेवली तेव्हा त्याने आपली गोष्ट लिहिली. तोच १९६९ चा ‘कबास्काबो’.

गोष्ट अगदी सरळ आहे. इंडोचायनाहून एक सैनिक नियामेला परत येतो, खिशात पैसे. मित्र जमतात, बायका जमतात, स्तुती गाणारे ग्रियो जमतात (ग्रियो म्हणजे पश्चिम आफ्रिकेतले वंशपरंपरेने गाणारे भाट), हा सगळ्यांवर पैसे उधळतो. युद्धाच्या गोष्टी सांगतो. मग पैसे संपतात आणि माणसं पांगतात, नोकरी शोधायला जातो तर कोणी उभं करत नाही, आणि शेवटी तो कुदळ खांद्यावर टाकून शेताकडे निघतो. मुख्य भूमिका अर्थात गांदाची. आणि भाषा झार्मा, त्याची स्वतःची. फ्रेंच नाही. सेम्बेनने आदल्याच वर्षी, १९६८ मध्ये, ‘मांदाबी’ वोलोफ भाषेत केला होता, म्हणजे एका वर्षाच्या अंतराने दोन देशांत दोघं त्याच निर्णयाला येऊन पोचले की आता पडद्यावरची माणसं घरात बोलतात तसं बोलणार.

दोन्ही सिनेमे एकामागोमाग बघितले तर गांदामधला नट किती बदललाय ते लख्ख दिसतं. रॉबिन्सन सतत बोलत असतो, बोलण्यावर जगतो, कारण त्याच्याकडे दुसरं काहीच नाही. कबास्काबो मात्र पैसे असताना मोठमोठ्याने बोलतो आणि पैसे जात चालले तसा गप्प होत जातो. ज्या नटाची ओळखच आवाज होती त्याने स्वतःच्या पहिल्या सिनेमात गप्प बसायचं ठरवलं, आणि ते त्याला जमलं कारण इथे त्याच्यावतीने दुसरं कोणी बोलणार नव्हतं, ही खात्री होती. कोणीतरी मध्येच येऊन ‘हा आदिवासी आता दुःखी आहे’ असं सांगणार नाही, मग नटाला निवांत गप्प राहता येतं. मला हा त्याच्या कामातला सगळ्यात मोठा बदल वाटतो आणि याबद्दल फार कमी बोललं जातं. आणि सिनेमा स्वतःच्याच समाजाला झोडपतो तेही लक्षात घ्या. फ्रेंचांनी युद्धावर पाठवलं हा राग आहेच, पण परत आलेल्या पोराला लुटून खाणारे शेजारीपाजारीही आहेत, आणि चार दिवसांच्या मोठेपणासाठी सगळं उडवणारा तो स्वतःही आहे. स्वतःच्या आयुष्यावर सिनेमा करणारा माणूस स्वतःला इतकं उघडं पाडतो हे फारसं होत नाही. ‘कबास्काबो’ १९६९ मध्ये फ्रान्समधल्या कान महोत्सवाच्या क्रिटिक्स वीक या नव्या दिग्दर्शकांसाठीच्या विभागात दाखवला गेला.

गांदाबद्दल बोलताना झालिका सुलेचं नाव घेतल्याशिवाय पुढे जाता येणार नाही. आलासानच्या काउबॉय सिनेमात पॅन्ट, हॅट आणि पिस्तूल लावून उभी असलेली मुलगी ती हीच, आणि मग ‘कबास्काबो’पासून गांदाच्या जवळजवळ सगळ्या सिनेमांत ती आहे. तिला आफ्रिकेच्या पहिल्या व्यावसायिक चित्रपट अभिनेत्रींपैकी एक म्हणतात. तिच्या वाट्याला आल्या त्या मनाला येईल तसं वागणाऱ्या, पुरुषांना नाचवणाऱ्या, मत्सरी, हट्टी बायका. तिने त्या मन लावून केल्या आणि त्याची किंमत तिला रस्त्यात मोजावी लागली, कारण नियामेतले लोक भूमिका आणि बाई यांत फरक करत नव्हते, पडद्यावर वाईट चालीची म्हणजे खरीच वाईट चालीची. गांदाला पुरुष म्हणून दिग्दर्शक होता आलं, त्याचं नाव झालं, झालिकाला तसा रस्ता नव्हता. म्हातारपणाकडे झुकलेली झालिका गरिबीत राहत होती, आणि रहमतू केइता या नायजरच्याच दिग्दर्शिकेने २००४ मध्ये तिच्यावर माहितीपट केला तेव्हा कुठे लोकांना तिची नीट आठवण झाली. २०२१ मध्ये ती गेली. सुरुवातीच्या आफ्रिकन सिनेमात नटांचा वाटा असं जेव्हा आपण म्हणतो तेव्हा त्यात हा हिशेबही धरायला पाहिजे.

पैशाचं थोडक्यात सांगतो. सिनेमा काढायला पैसे कुठून यायचे? बराचसा फ्रान्सच्या सहकार मंत्रालयाकडून आणि फ्रेंच निर्मात्यांकडून. म्हणजे स्वातंत्र्य मिळालं, पण रीळ धुवायला आणि संकलन करायला पॅरिसलाच जायचं. मंत्रालयाला कथा आवडली नाही तर दार बंद, ‘ला न्वार द...’ची पटकथा त्यांनी नाकारलीच होती. ‘कबास्काबो’ला पॅरिसच्या आर्गोस फिल्म्सने हात दिला. आणि सिनेमा तयार झाला तरी दाखवायचा कुठे? फ्रेंच पश्चिम आफ्रिकेतली थिएटरं आणि वितरण दोन फ्रेंच कंपन्यांच्या हातात होतं, कोमासिको आणि सेक्मा, आणि त्यांना स्वस्तातले जुने अमेरिकन, फ्रेंच, भारतीय पिक्चर लावणं जास्त परवडायचं. नियामेच्या माणसाचा सिनेमा कानमध्ये दिसतो आणि नियामेच्या बाजूच्या गावात दिसत नाही, अशी उलटी तऱ्हा.

म्हणूनच १९६९ मध्ये अप्पर व्होल्टाच्या, म्हणजे आजच्या बुर्किना फासोच्या, वागाडुगू शहरात आफ्रिकन सिनेमाचा महोत्सव सुरू झाला तेव्हा त्याचं इतकं अप्रूप होतं. आफ्रिकन प्रेक्षकांनी आफ्रिकन सिनेमे बघायची हक्काची जागा. तोच पुढे फेस्पाको म्हणून जगभर ओळखला गेला. १९७२ मध्ये तिथे पहिल्यांदा स्पर्धा ठेवली आणि पहिलं मोठं बक्षीस, येनेंगाचा घोडा म्हणतात ते, मिळालं गांदाच्या ‘ल वाझू पोलिगाम’ला. येनेंगा ही तिथल्या मोसी लोकांच्या कथांमधली घोडेस्वार राजकन्या. म्हणजे आजवर ज्या ज्या दिग्दर्शकाने तो घोडा उचललाय त्यांच्या यादीत पहिलं नाव एका जुन्या गोदी कामगाराचं आहे.

‘वाझू’ची गोष्ट अशी, गावातला एक पैसेवाला हाजी, आधीच दोन बायका असलेला, सातू नावाच्या तरुण मुलीवर नजर टाकतो. तिचं मन गार्बा नावाच्या मुलावर असतं, पण हाजीच्या पैशापुढे घरच्यांचं काही चालत नाही, किंवा खरं सांगायचं तर चालवायचं नसतं. दुसरी बायको सवत येणार म्हणून पेटते आणि खून करायला निघते, अंधारात भलत्याच मुलीचा जीव जातो. सातू शहरात पळून जाते आणि तिथे तिचं जे व्हायचं तेच होतं. नव्या स्वतंत्र देशाचं कौतुक करायचा तो काळ होता, परंपरेचे गोडवे गायची फॅशन होती, आणि अशा वेळी गांदा धर्माची पुटं चढवलेल्या श्रीमंतीवर बोट ठेवतो. काही जण म्हणतात की हा जरा उपदेशपर आहे, बाईचं शेवटी वाईटच व्हायचं ही चौकट जुनीच आहे. ही टीका मला पटते, सातूला आणखी थोडा अवकाश मिळायला हवा होता. पण दुसऱ्या बायकोचा मत्सर तो ज्या पद्धतीने दाखवतो, तिच्यावर हसत नाही, तिची बाजू ऐकतो, ते एका नटाने दिग्दर्शन केल्याशिवाय येत नाही. त्याच्या सिनेमात हौशी माणसंसुद्धा अवघडलेली दिसत नाहीत, कारण नवख्या माणसाला कॅमेऱ्यासमोर काय होतं हे त्याने स्वतः भोगलेलं होतं.

नंतर १९७२ च्या सुमारास ‘साइतान’, पैशासाठी भलत्या मध्यस्थीत पडलेल्या एका झिमाची म्हणजे मांत्रिकाची गोष्ट, आणि मग मोठ्या खंडानंतर १९८० मध्ये ‘लेक्झिले’, ज्यात तो चक्क लोककथेच्या अंगाने दिलेल्या शब्दाबद्दल बोलतो. मध्ये काही माहितीपट केले. त्यानंतर लगेचच तो गेला.

नियामेत आज त्याच्या नावाचं सांस्कृतिक केंद्र आहे, आणि फेस्पाकोमध्ये पहिलाच सिनेमा करणाऱ्या दिग्दर्शकाला दिला जाणारा पुरस्कार उमारू गांदाच्या नावाने आहे. पहिल्या सिनेमासाठी त्याचंच नाव निवडलं हे मला फार योग्य वाटतं.

बघायचे असतील तर आधी ‘म्वा, अँ न्वार’ बघा, तो रूशच्या सिनेमांच्या संचात सबटायटल्ससह मिळतो, सव्वा तासाच्या आतबाहेरचा आहे. पहिल्यांदा बघताना रूशचं निवेदन कुठे संपतं आणि गांदा कुठे सुरू होतो इकडे कान ठेवा. मग ‘कबास्काबो’, जेमतेम पाऊण तासाचा. हा सहज मिळत नाही, आफ्रिकन सिनेमाच्या महोत्सवांत किंवा फ्रेंच संग्रहालयांच्या खास खेळांत लागतो, त्यामुळे आपल्या शहरातल्या फिल्म सोसायटीला किंवा आलिआंस फ्रान्सेजला (फ्रेंच भाषा शिकवणारी संस्था) मागणी करून बघा, अशा मागण्या चार-पाच जणांनी केल्या तर त्या ऐकल्या जातात. आणि दोन्ही बघून झाले की लगूनच्या काठावरची ती लढाई पुन्हा एकदा लावा, यावेळी आवाज बंद करून.